पाण्याखालचे दगड

पाऊस नाही, आणि नदी चढली आहे. रविवारी माझ्या मुलाने, मिलिंदने, इथल्या, हॉलंडातल्या, लेक नावाच्या नदीच्या बांधावर नेलं तेव्हा पाहिलं. मागच्या खेपेला गाई जिथे चरत होत्या तिथलं गवत आता पाण्यात उभं होतं, आणि गाई बांधाच्या अंगाला सरकून रवंथ करत बसल्या होत्या. आभाळ कोरडं ठाक. ऊन एवढं की इथली माणसं गवतावर उघडी पसरली होती, वाळत घातलेल्या कुरडयांसारखी.

“वर बर्फ वितळतंय,” मिलिंद म्हणाला. वर म्हणजे स्वित्झर्लंडात.

“माहीत आहे मला,” मी म्हटलं. माहीत आहेच. तीन वर्षांमागे मी ते पाणी वर जाऊन पाहिलं आहे. नुसतं पाहिलं नाही, त्यात उतरले आहे.

माझं माहेर कृष्णेकाठी. आमची नदी वैशाखात आटायची. वाळू, खडक, मध्ये मध्ये डोह. लोक म्हणायचे, यंदा नदीच्या फासळ्या दिसायला लागल्या. मग ज्येष्ठात आभाळ भरून येईतो तिच्याकडे कुणी आशेने बघायचं नाही. आमच्या नद्या आभाळाच्या तोंडाकडे बघून जगतात. ही डोंगराच्या डोक्यावरच्या बर्फावर जगते. ऊन वाढलं की हिला पाणी. पहिल्यांदा मिलिंदने हे सांगितलं तेव्हा मला वाटलं, म्हातारीची थट्टा करतो आहे.

नदीचं मूळ नाव ऱ्हाईन. हॉलंडात पोचली की तिला फाटे फुटतात आणि फाट्याफाट्याला वेगळं नाव. एकाला वाल म्हणतात, एकाला लेक. जुनं नाव उरलं आहे ते एका बारक्या सुस्त प्रवाहाला. पाणी एकीकडे गेलं, नाव दुसरीकडे राहिलं. मी म्हटलं, “सासरी आली की असंच व्हायचं.” मिलिंद हसला. माझी सून शलाका हसली नाही. तिने लग्नानंतर आडनाव बदललेलं नाही.

मी राहते पुण्यात. दर उन्हाळ्यात तीन महिन्यांच्या व्हिसावर यांच्याकडे उइटहॉर्नला येते. घर चांगलं आहे, जिना फार उभा आहे. मागे हातभर बाग आणि बाग संपली की लगेच कालवा. कठडा नाही, काही नाही. इथे सगळ्यांचीच घरं अशी. पाणी दारात कुत्र्यासारखं बसलेलं असतं आणि कुणाला त्याचं काही वाटत नाही. फक्त आमच्या बागेला जाळी होती. जाळीला दार, दाराला कुलूप, आणि किल्ली शलाकाच्या पर्समध्ये.

कारण रेवा. माझी नात. तीन वर्षांमागे ती नऊ वर्षांची होती. नाव ठेवलं नदीचं आणि पोर पाण्याला भ्यायची. केस धुताना मान मागे टाकून “ने, ने” असं किंचाळायची. ‘ने’ म्हणजे इथल्या भाषेत नाही. चार वर्षांची असताना ती मागच्या कालव्यात पडली होती. अंगात हिवाळ्याचा जाड कोट, त्यात पाणी भरलं. शलाकाला पोहता येत नाही. काठावर आडवी पडून, एका हाताने गवत धरून, दुसऱ्या हाताने कोटाच्या टोपीला धरून तिने पोर ओढून काढली. पोर वाचली. पण त्या दिवसापासून भीती दोघींच्या अंगात राहिली, आणि आईची भीती पोरीपेक्षा मोठी होती.

इथे पोराला सायकल आली पाहिजे आणि पोहता आलं पाहिजे, बाकीचं मागाहून. पोहण्याची परीक्षा असते, डिप्लोमा मिळतो. परीक्षा अंगात कपडे आणि पायात बूट घालून द्यायची. माणूस पाण्यात पडतो तो कपड्यांसकट, मग शिकायचं तेही कपड्यांसकट. ही अक्कल मला पटली. रेवाच्या वर्गातल्या सगळ्यांचा डिप्लोमा झाला होता. ही तलावाच्या काठाला पालीसारखी चिकटून राहायची. कुणाचा वाढदिवस पोहण्याच्या तलावावर असला की हिचं पोट दुखायचं.

“अहो आई, पुढे मोठ्या शाळेत गेली की कालव्याच्या कडेने एकटी सायकलवर जाणार ती,” शलाका पोळ्या लाटता लाटता म्हणाली. “मी ऑफिसात असणार. पडली तर?”

लाटणं थांबलं. ‘काही होत नाही गं’ असं म्हणायची मला सवय नाही. होतं. पाण्यात माणसं जातात.

मला माझ्या आत्याने शिकवलं. आमच्या गावात पोरींनी पोहायचं नसतं असं कुणी म्हणत नव्हतं, पण शिकवायलाही कुणी पुढे यायचं नाही. आत्या यायची. विधवा होती, जिभेची तिखट होती, आणि नदीला तिच्या घरची असल्यासारखी वागवायची. चैत्रात पाणी निवळलं की पाच-सहा पोरी गोळा करायची. प्रत्येकीच्या पाठीला एक वाळलेला कडू भोपळा. दोरी काखेतून घेऊन पाठीवर गाठ. त्या गाठीची तिला फार काळजी. म्हणायची, “गाठ घट्ट बसली पाहिजे, पण एका ओढीत सुटली पाहिजे. न सुटणारी गाठ कोणी घालतं का? तुम्हाला काय जन्मभर भोपळा पाठीवर न्यायचाय?” पहिल्या दिवसांत मोठा भोपळा, मग लहान, मग आणखी लहान. आणि एक दिवस डोहाच्या मध्यावर पाठ हलकी लागायची. मागे बघावं तर भोपळा आपल्या वाटेने चाललेला, आणि आत्या खडकावर बसून दात कोरत असायची.

लग्नानंतर मी पोहले नाही. पुण्यात नळाला पाणी यायचं, तेही वेळ बघून.

तर मी मनात म्हटलं, या पोरीला भोपळा बांधायचा. मिलिंदला दुकानातून दुधी आणायला लावला. त्याला वाटलं, भाजीला. मी तो सायकलींच्या शेडमध्ये दोरीला टांगला, वाळायला. भोपळा कडू लागतो, गोल लागतो, वेलावर पिकून उन्हात महिनोन्‌महिने वाळावा लागतो. हे मला माहीत नव्हतं असं नाही. पण आपल्याकडचं काही करायचं म्हटलं की इथे माणसाची बुद्धी चळते, साबुदाणा मिळाला की उपास आठवतात तसं. इथली हवा अशी की धुतलेला रुमाल दोन दिवस ओला राहतो. दुधी काय वाळणार?

आठवड्याने शलाका नाकाला ओढणी लावून आली. “आई, शेडमध्ये काय मेलंय?”

“दुधी,” मी म्हटलं.

तिने तो हिरव्या कचऱ्याच्या डब्यात नेऊन टाकला. खालून गळत होता. काय, कशाला, काही विचारलं नाही. मीही सांगितलं नाही. सुनेचं आणि माझं असं बरं चालतं.

त्याच जुलैत आम्ही चौघे गाडीने स्वित्झर्लंडला गेलो. मिलिंदला नदीच्या उगमाकडे जायची हौस होती. तिथे एके ठिकाणी वरून दोन ऱ्हाईन येतात आणि एकमेकीत मिळतात. दोघींचे रंग वेगळे. एक जरा हिरवट, दुसरी तांदूळ धुतलेल्या पाण्यासारखी. बरीच लांब त्या शेजारी शेजारी पण वेगवेगळ्या वाहतात, नव्या जावांसारख्या. मी संगमावर देऊळ शोधत होते. पूल होता, गाड्या लावायची जागा होती. एवढा मोठा संगम आणि काठावर शेंदराचा एक दगड नाही.

“आई, इथे पाण्यात काही टाकायचं नसतं हां,” शलाका हळूच म्हणाली. माझ्या पर्समधली हळदकुंकवाची पुडी तिला ठाऊक होती.

“नमस्कार तरी टाकू का?” मी म्हटलं.

त्या संगमाच्या वरच्या अंगाला मोठी घळ आहे. पूर्वी कधी तरी अख्खा डोंगर खाली आला, आणि नदीने तो कापत कापत वाट केली. दोन्ही बाजूंना पांढरे कडे, तासलेल्या खोबऱ्यासारखे. कड्याच्या पायाशी आगगाडीचा एकच रूळ, त्यावरून तांबडी गाडी जाते. आणि पाण्यात माणसं. रबराच्या फुगीर होड्यांत सात-आठ जण बसलेले, डोक्याला टोप, हातात वल्ही. पाणी त्यांना उचलून आपटत होतं आणि ते आनंदाने ओरडत होते. मी विचार केला, आमच्याकडे नदीवर माणूस जातो तो पाणी आणायला, धुणं धुवायला, नाहीतर कुणाला पोचवायला. नुसतं नदीशी खेळायला मोठी माणसं येतात, टोप घालून, हे मी पहिल्यांदा पाहिलं. वाईट नाही. नदीलाही बरं वाटत असेल.

रेवा कड्यावरच्या लाकडी सज्ज्यातून बघत होती, आईचा हात धरून. तिच्या बोटांची नखं आईच्या हातात रुतली होती. शलाकाने हात सोडवला नाही.

येताना बाझेल शहरात मुक्काम केला. तिथवर ऱ्हाईन वयात आलेली असते. मधल्या एका समुद्राएवढ्या तळ्यात तिचा गाळ खाली बसतो, पुढे एका धबधब्यावरून उडी घेते, आणि बाझेलला येते ती हिरवी, रुंद, घाईत असलेली. संध्याकाळी आम्ही काठच्या पायऱ्यांवर बसलो. घाटच म्हणा. कचेऱ्या सुटल्या होत्या. आणि बघते तर काय, माणसं येतात, कपडे उतरवतात, कपडे, बूट, पाकीट सगळं एका रंगीत पिशवीत कोंबतात, पिशवीचं तोंड गुंडाळून बंद करतात. आत हवा राहते, पिशवी फुगते. ती छातीशी धरून पाण्यात. नदी त्यांना वाहून नेते, खाली कुठेतरी बाहेर येतात, कपडे घालतात आणि घरी जातात.

“भोपळा!” मी एवढ्या जोराने म्हटलं की शेजारच्या माणसाने मान वळवली.

शेजारी एक बाई होती, माझ्याच वयाची, डोक्याला रबरी टोपी, दंडाची कातडी माझ्यासारखीच लोंबणारी. तिने माझ्याकडे बघितलं, पाण्याकडे बोट केलं, भुवया वर केल्या. हळदीकुंकवाला येता का, असं विचारावं तसं. भाषेची गरजच नव्हती.

मिलिंदने मागच्या दुकानातून नारिंगी पिशवी आणली. त्याला वाटलं मी शोभेसाठी मागते आहे. मी अंगातल्या पंजाबी ड्रेसची ओढणी काढून शलाकाला दिली आणि पिशवी फुगवून, छातीशी धरून पायऱ्या उतरायला लागले.

“आई! अहो, वय काय तुमचं!” शलाका.

“आई, वेडी आहेस का? प्रवाह आहे!” मिलिंद.

“दिसतोय मला. खालच्या पायऱ्यांवर येऊन थांब, हात द्यायला.”

पाणी गार. इतकं गार की पहिल्यांदा श्वासच मिळाला नाही. मग मिळाला. आत्याने शिकवलेलं अंगात होतं. डोक्यातून बरंच गेलं आहे आता, शेजारणींची नावं जातात, गॅस बंद केला का ते जातं. पाय मात्र विसरले नव्हते. ती बाई पुढे, मी मागे, काठाला धरूनच. आम्ही पोहत नव्हतोच, नदी नेत होती. घरं सरकत होती, झाडं सरकत होती. इतकी वर्षं मीच सगळ्यांना उचलून नेत आले. मला कुणी नेतं आहे, हे फार दिवसांनी झालं.

मग त्या बाईने स्वतःच्या कानाला हात लावला आणि डोकं आडवं करून पाण्यात टाकलं. मीही टाकलं. खाली आवाज होता. बारीक, एकसारखा. सुपात तांदूळ पाखडताना होतो तसा. नदीच्या तळाचे दगड गोटे सरकत होते, एकमेकांवर घासत. वर काही ऐकू येत नाही. खाली सगळी नदी बोलते आहे.

डोकं वर काढलं तर काठावरून रेवा पळत होती. माझ्या बरोबरीने पळत होती, माणसांना धक्के देत. “आजी! बाहेर ये! आजी, बाहेर ये!” ती पोर तोवर कधी मराठीत बोलायची नाही. समजायचं सगळं, उत्तर इंग्रजीत नाहीतर डचमध्ये. त्या दिवशी मराठी निघाली.

बाहेर आले तेव्हा ती रडत होती, रागाने. “यू कुड हॅव डाइड!”

“मरेन तेव्हा मरेन. आज दगड ऐकले.”

“व्हॉट दगड?”

“पाण्याखालचे. बोलतात.”

तिने डोळे पुसले. “व्हॉट डू दे से?”

“ते मी कशाला सांगू? कान घाल आणि ऐक.”

लोकांना गोष्टीत आवडतं तसं काही झालं नाही. तिने उडी मारली नाही. जेवताना माझ्याशी बोललीही नाही. पण दुसऱ्या दिवशी सकाळी, निघायच्या आधी, मला पुन्हा पायऱ्यांवर घेऊन गेली. शेवटच्या कोरड्या पायरीवर आडवी झाली. “घट्ट धर,” म्हणाली. मी तिचे दोन्ही दंड धरले. शलाका मागे उभी होती, तोंडावर हात ठेवून. पोरीने डोळे गच्च मिटले आणि एक कान पाण्यात घातला. लगेच बाहेर. पुन्हा घातला. या वेळी तिथेच ठेवला. तिचं तोंड हळूहळू सैल झालं, झोपेत लहान पोरांचं होतं तसं.

उठली तेव्हा अर्धे केस ओले होते. “इट्स लाइक चिप्स,” म्हणाली. मी तांदूळ म्हटलं होतं. असो. ज्याचं त्याचं.

घरी आल्यावर आम्ही रोज संध्याकाळी जवळच्या मोठ्या तळ्यावर जायचो. तिथे लांबवर गुडघाभरच पाणी. नारिंगी पिशवी तिच्या पाठीवर, शलाकाच्या जुन्या ओढणीने बांधलेली, वर आत्याची गाठ. एक दोरी माझ्या हातात. तिथे दगडांचा आवाज नव्हता. मिलिंद म्हणतो, वरचे धोंडे खाली येता येता गोटे होतात, गोट्यांची वाळू, आणि हॉलंडात पोचेतो नुसता चिखल. चिखल बोलत नाही. तरी पोर कान घालून बघायची.

मी मनात आत्यासारखं ठरवलं होतं. रोज पिशवीत हवा थोडी कमी भरायची, तिला न सांगता. आणि एक दिवस गाठ ओढायची. पण दिवस जात होते, माझा व्हिसा संपत आला होता, आणि गाठीला हात लावायचा माझा धीर होईना. पोर दूरवर हातपाय मारत जायची, मी कमरेएवढ्या पाण्यात दोरी धरून तिच्यामागे. शलाका वाळूवर बसून आमच्याकडे बघायची. आत्या किती सहज सोडायची. तिला पोटचं पोर नव्हतं म्हणून असेल. किंवा मला आत्या कळलीच नसेल.

शेवटी रेवाच थांबली. पाण्यात उभी राहिली आणि माझ्याकडे वळली.

“आजी, त्यात हवा नाहीये.”

“कशात?”

“बॅगमध्ये. मीच काढते रोज, तू बांधल्यावर. आज एम्प्टी आहे. तू उगाच धरलंयस.”

पाठीवरची पिशवी खरंच चपटी होती, ओल्या पानासारखी. मी बघितलीच नव्हती. माझं सगळं लक्ष दोरीकडे. मी गाठ ओढली. एका ओढीत सुटली.

तिची परीक्षा मी पुण्यातून फोनवर पाहिली. बूट घालून पोहत होती, पँट फुगली होती, तोंड चिडलेलं. पास झाली. पुढच्या उन्हाळ्यात आले तेव्हा बागेच्या जाळीचं दार उघडं होतं. कुलूप कडीला नुसतं लटकत होतं.

या उन्हाळ्यात बाप-लेक पुन्हा त्या घळीत गेले आहेत. त्या रबरी होडीतून जायला. माझे गुडघे आता गाडीत इतका वेळ बसू देत नाहीत, आणि शलाकाला रजा नाही. निदान ती तसं म्हणते. म्हणून आम्ही दोघीच घरी. काल दुपारी रेवाचा फोन आला. डोक्यावर टोप, टोपाखालून पाणी निथळतं आहे, मागे ते खोबऱ्यासारखे कडे. आता बारा वर्षांची आहे, आवाज जाड झाला आहे.

“आजी, इथे दगड ऐकू येत नाहीत! पाणीच खूप ओरडतं!”

“कान आत घातलास?”

“मी अख्खी आत पडले!” आणि हसायला लागली.

शलाकाने फोन दोन्ही हातांनी धरला. “लागलं नाही ना? पिल्लू, लागलं नाही ना?” रेवा म्हणाली, “मम्मा, रिलॅक्स,” आणि पलीकडून कुणीतरी होडी निघाल्याची हाक मारली. फोन बंद झाला.

शलाका बराच वेळ मागच्या दारात उभी होती, कालव्याकडे बघत. एक बदक पिल्लांना घेऊन चाललं होतं. मी विचारलं, “ते वरचं पाणी इथे येतं का गं, या कालव्यात?”

“मिलिंद म्हणतो, थोडंफार मिसळतं.”

“थोडंफार पुरे.”

ती शेडमध्ये गेली. सायकली सरकवल्याचा आवाज झाला. आली तेव्हा हातात नारिंगी पिशवी, धूळ बसलेली, आणि ती जुनी ओढणी.

“आई, हे मोठ्या माणसाला पेलतं?”

“मला पेललं. तू माझ्या निम्मी आहेस.”

“खोल नको हं.”

“तुझ्या लेकीला गुडघाभर पाण्यात शिकवलं. तुला काय समुद्रात नेऊ?”

संध्याकाळी तळ्यावर गेलो. ऊन अजून वर होतं, इथे ते लवकर मावळत नाही. शलाका गुडघाभर पाण्यात पाठ करून उभी राहिली. खांदे वर चढलेले, श्वास धरलेला. मी पिशवीत हवा भरली, पुरती भरली, तोंड गुंडाळलं, पिशवी तिच्या पाठीला लावली आणि ओढणी काखेतून घेतली.

“घट्ट बांधा, आई,” ती म्हणाली.

मी घट्टच बांधली. एका ओढीत सुटेल अशी.